हात धाकटीचे घ्या

“काम करताना एकमेकींशी थोडं बोला ना,” केतकी म्हणाली. “नेहमी बोलता तसंच. कॅमेरा आहे हे विसरून जा.”

मी सुईत दोरा ओवत होते. समोर आक्का बसल्या होत्या. आमच्या मधे लाकडी चौकटीवर राजवाड्यातल्या हत्तीची झूल ताणलेली होती आणि तिच्यावर लग्नमांडवात असतात तसले दिवे सोडलेले होते.

“आम्ही बोलत नाही,” मी म्हटलं.

“हो, कामात लक्ष असतं ना. पण अधूनमधून एखादं वाक्य...”

“तसं नव्हे. आम्ही बोलतच नाही.”

केतकीनं आक्कांकडं बघितलं. आक्कांनी मान हलवली, म्हणजे धाकटी म्हणते ते खरं आहे. सहा वर्षांत आमचं एकमत झालेली ती पहिली गोष्ट.

केतकी पुण्याहून आली होती. पंचविशीची मुलगी, अंगानं काडी, पण एकदा कामाला लागली की चहाला उठायची नाही. जुन्या वस्तू दुरुस्त करणाऱ्या लोकांवर ती माहितीपट करत होती. बरोबर शार्दूल नावाचा कॅमेरामन. बिचारी दोघं आमच्या भांडणात कशी सापडली ते आधी सांगते.

आमचं नांदवडी म्हणजे काही मोठं संस्थान नव्हे. एक राजवाडा, एक तळं आणि एके काळी एक हत्ती. हत्ती गेला, झूल उरली. तीही कसरीनं खाल्लेली. राजवाड्याचं संग्रहालय झालं तेव्हा तिथल्या साहेबांनी झूल दुरुस्त करायचं मनावर घेतलं. ती मुळात आमच्या आजेसासऱ्यांच्या हातची, म्हणून काम आमच्या घरी आलं. आम्ही जिनगर. पूर्वी घरात खोगिरं व्हायची, झुली व्हायच्या, पालखीचे गादीतक्के व्हायचे. घोडे गेले तसे आमचे नवरे गाड्यांची सीट कव्हरं शिवायला लागले. जरीची सुई मात्र सासूबाईंनी सुनांच्या हातात दिली. थोरली सून इंदुमती, म्हणजे आमच्या आक्का. त्यांच्या हातासारखा हात आसपासच्या चार गावांत नव्हता. कुठल्याही देवाचा पोशाख असो, नाहीतर नवरीचा शेला, लोक घर विचारत यायचे. मी धाकटी, शालन. सासूबाईंना माझा कंटाळा आला तेव्हा आक्कांनी मला शेजारी बसवून शिकवलं.

आणि त्याच आक्कांनी माझ्याशी बोलणं टाकलं होतं, ते एका साडीवरून.

माझ्या सुमीच्या लग्नात मी त्यांना आहेरात साडी दिली. चांगली मोरपिशी, काठाला बुट्टी. त्यांनी घडी मोडली, पदर उलटा करून बघितला आणि तशीच घडी घालून माझ्या मांडीवर ठेवली. ती साडी त्यांनीच दोन वर्षांपूर्वी आमच्या वन्संना दिली होती. पदराच्या कोपऱ्यात त्यांचाच रफू होता. वन्संनी ती मला दिली, मी आक्कांना दिली. मला काय माहीत साडीनं गावप्रदक्षिणा घातलीय ते. मी समजावलं, वन्संनी हात जोडले, पण उपयोग झाला नाही. दोन घरांच्या मधल्या दाराला आक्कांनी त्यांच्या बाजूनं कडी घातली. दोघे भाऊ मात्र एकाच दुकानात बसायचे आणि दोन्ही डबे एकत्र उघडायचे. आमच्या भांडणात पडायची दोघांचीही छाती नव्हती.

संग्रहालयाच्या साहेबांना हे ठाऊक होतं. त्यांनी झुलीची उजवी बाजू आक्कांना दिली, डावी मला. उन्हाळ्यापासून आम्ही रोज समोरासमोर बसत होतो. काही मागायचं असलं तर बाबालाल होता. बाबालाल मुजावर म्हणजे संग्रहालयाचा पहारेकरी. निवृत्तीला टेकलेला माणूस, दाराशी स्टूल टाकून बसायचा.

“बाबालाल, त्यांना विचार, कात्री झाली का.”

“शालनवैनी, कात्री झाली का म्हणतात.”

“झाली म्हणावं.”

“झाली म्हणतात.”

आमच्यामधे दोन हातांचं अंतर होतं. तरी बाबालाल उठून यायचा, कात्री उचलायचा आणि पलीकडं ठेवायचा.

केतकीला आधी वाटलं, आता माहितीपट बुडाला. मग तिनं बाबालालची ही ये-जा बघितली आणि शार्दूलला हळूच म्हणाली, “चालू ठेव.”

आक्का कॅमेऱ्याला जराही बुजल्या नाहीत. पहिल्या दिवसापासून त्या इरकलीची घडी मोडून, तोंडाला पावडर लावून यायच्या. प्रश्न विचारायचा अवकाश, सासरे कसे रागीट होते, हत्ती झूल घालताना कसा लाडात यायचा, सगळं ऐटीत सांगायच्या. एकच भानगड होती. शार्दूल कॅमेरा घेऊन हातांजवळ गेला की सुई खाली ठेवायच्या.

“तोंड काढ की माझं,” म्हणायच्या. “हातात काय बघायचंय? सगळ्यांना दोन असतात.”

“आक्का, कारागिराचे हातच तर लोकांना बघायचे असतात,” केतकी म्हणायची.

“मग धाकटीचे घे.”

मी मनात म्हणायचे, बघा ही मिजास. साठी उलटली तरी तोंड दाखवायची हौस जात नाही.

असं करत शेवटचा दिवस उजाडला. माझी बाजू पुरी झाली होती. आक्कांच्या बाजूचे वेल झाले होते, काठ झाला होता, फक्त सूर्य राहिला होता. झुलीच्या दोन्ही अंगांना संस्थानचा एकेक सूर्य आहे. ते काम सगळ्यांत नाजूक. प्रत्येक किरण बुडाशी जाड आणि टोकाशी केसाएवढा. खाली दोऱ्याची भर घालायची, वर सोन्याची जर बसवायची आणि ती बारीक टाक्यानं अशी दाबायची की टाका दिसता कामा नये. आक्कांनी ते शेवटाला ठेवलं याचं मला नवल वाटलं नव्हतं. चांगला घास शेवटी खातात, तसं असेल म्हटलं.

“आज आक्कांचा सूर्य,” केतकी हात चोळत म्हणाली.

आक्का म्हणाल्या, उजेड कमी आहे. शार्दूलनं आणखी एक दिवा लावला. मग म्हणाल्या, या रिळाची जर काळवंडलेली दिसते. बाबालालनं दुसरं रीळ आणलं. मग त्यांना चहा पाहिजे झाला. सगळ्यांचा चहा झाला. चष्मा पुसून झाला. त्यांनी सुई उचलली, झुलीवर वाकल्या, आणि परत ताठ बसल्या.

“बाबालाल,” त्या म्हणाल्या, “त्यांना म्हणावं, इकडं येऊन बसा.”

बाबालालला हा निरोप नवीन होता. त्यानं तो मला तसाच दिला, पण बोलताना त्याचाच त्यावर विश्वास नव्हता.

“कशाला म्हणावं?” मी विचारलं.

“सूर्याला हात धाकटीचे घ्या,” आक्का आता केतकीला सांगत होत्या. “गोरे आहेत. पडद्यावर बरे दिसतील.”

माझे कान तापले. सहा वर्षं एक शब्द नाही, आणि बोलावणं आलं ते रंगावरून टोमणा मारायला. पण पुण्याची पाहुणी समोर, तमाशा कशाला करायचा म्हणून उठले आणि त्यांच्या बाजूला जाऊन बसले. झुलीवर वाकले आणि मग मला दिसलं.

मखमल मोठी चुगलखोर असते. सुई टोचून काढली की तिथं बारीकसा डोळा उरतो, तो बुजत नाही. आक्कांच्या सूर्याभोवती असे डोळे मुंग्या फुटाव्यात तसे पसरले होते. कुणीतरी टाका घातला होता, उसवला होता, परत घातला होता. आणि त्यातला एकही ओळीत नव्हता. माझ्या बोटांना ज्यांनी ओळ शिकवली, त्यांच्या बाजूला.

मी वर बघितलं. आक्का खिडकीकडं बघत होत्या. उजवा हात पदराखाली होता आणि डाव्या हातानं त्यांनी त्याचं मनगट घट्ट धरलं होतं. तरी पदर हलत होता.

“शालनताई, ती भोकं कसली दिसतायत?” केतकीनं कॅमेऱ्यामागून विचारलं. मुलीची नजर बारीक.

“तिथं किरण यायचेत,” मी म्हटलं. “दोन किरणांच्या मधे एकेक बारका.”

“पण तुमच्या बाजूच्या सूर्याला मधले किरण नाहीत.”

मी उगाच सुईचं नाक शोधत बसले.

“तिचा मावळतीचा आहे,” आक्का खिडकीकडं बघतच म्हणाल्या. “हा उगवतीचा. उगवतीच्याला तेज जास्त.”

केतकीनं हे लगेच टिपून घेतलं. आजसुद्धा नांदवडीच्या संग्रहालयात पाहुण्यांना हेच सांगतात, आणि पाहुणे दोन्ही सूर्य निरखून माना डोलवतात.

मी कामाला लागले. पहिलाच किरण टोकाशी जाड झाला. मधे एक बारका किरण घालायचा म्हणजे जागा इवलीशी, आणि हे असलं मी जन्मात केलं नव्हतं. मी थांबले.

“भर कमी घे,” आवाज आला. “टोकाला दोनच दोरे ठेव. हां. आता जर आडवी घाल. ओढ. अगं ओढ की, तुटत नाही.”

बाबालाल दाराशी उभा राहिला. त्याला वाटलं निरोप द्यायचा आहे. मग त्याच्या लक्षात आलं, आणि तो परत स्टुलावर बसला.

त्या दिवशी आक्का बोलत गेल्या आणि मी टाके घालत गेले. त्यांचा बोलण्याचा वेग आणि माझ्या हाताचा वेग एकच झाला. सूर्य पुरा झाला तेव्हा खिडकीत ऊन तिरपं झालं होतं आणि शार्दूल कॅमेरा बंद करायचं विसरला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी मधलं दार ढकलून बघितलं. कडी नव्हती. आक्का चुलीशी बसून चहा पीत होत्या, पेला दोन्ही हातांत धरून.

“कधीपासून?” मी विचारलं.

“सुमीचं लग्न झालं, त्यानंतरच्या पावसाळ्यात सुरू झालं. आधी अंगठा. मग सगळा हात. जाड काम कसंबसं रेटते, बारकं होत नाही.”

“डॉक्टर?”

“मिरजेला दाखवून आले. गोळ्या आहेत. थांबत नाही म्हणाले, हळू होईल.”

“भाऊजींना माहीत आहे?”

“त्यांना वाटतं मी चहा फार पिते.”

मी त्यांच्यासमोर बसले. चहा मागितला नव्हता तरी त्यांनी दुसऱ्या पेल्यात ओतला. थोडा बाहेर सांडला. तो आम्ही दोघींनी बघितला नाही.

“आणि साडीचा राग?”

“तो होता की,” आक्का म्हणाल्या. “महिनाभर चांगला जोरात होता. मग राग गेला आणि हे आलं. बोलायला लागले असते तर तू आपली परत रोज उठून आली असतीस. आक्का, हा टाका बघा. आक्का, तो घालून दाखवा. काय दाखवणार होते? म्हटलं, राग आहे तोच राहू दे.”

मला हसावं की रडावं कळेना. सहा वर्षं मी वन्संना शिव्या घातल्या होत्या.

“कुणाला बोलू नकोस,” त्या म्हणाल्या. “लोक काम घेऊन येतात ते माझ्या नावावर.”

मी नाही बोलले.

माहितीपट पुण्यात दाखवला, मग टीव्हीवर लागला, आणि लोकांनी आक्कांना डोक्यावर घेतलं. बाबालालचे निरोप लोकांना आवडले, उगवतीचा सूर्य आवडला, पण सगळ्यांत जास्त आवडलं ते आक्कांचं बोलणं आणि त्याबरोबर चालणारे ते हात. मग एकामागून एक माणसं यायला लागली. कुणी पैठणीवर माहितीपट करत होतं, कुणी घोड्यांच्या सामानावर, एक जण तर नुसत्या सुईवर. आक्का सगळ्यांना पुरून उरायच्या. कुठं थांबायचं, कुठं हसायचं, कुठं सासऱ्यांची आठवण काढून डोळे पुसायचे, हे त्यांना कुणी शिकवलं नव्हतं. कॅमेरा हातांकडं वळला की म्हणायच्या, “हात धाकटीचे घ्या,” आणि मी पुढं सरकायचे.

बघणाऱ्यांना काय कळणार? तोंड आक्कांचं, लगेच पुढं हात. ते हात आक्कांचेच. वर्तमानपत्रात माझ्या हातांचा फोटो आला आणि खाली लिहिलं होतं, इंदुमती जिनगर यांची बोटं. एका माहितीपटाच्या शेवटी माझं नाव आभाराच्या यादीत होतं, बाबालालच्या खाली.

“हात तुझेच आहेत गं,” आमचे हे टीव्हीसमोर बसून म्हणाले. “अंगठी ओळखली मी.”

“असू देत,” मी म्हटलं.

वाईट वाटत नव्हतं असं नाही. रात्री आपलेच हात बघत बसावं इतकंही नाही, पण भाजी चिरताना कधी मनात यायचं की हे हात इतक्या लोकांनी बघितले आणि कुणालाच ते माझे म्हणून माहीत नाहीत. मग मधल्या दारातून आक्कांची हाक यायची आणि मी जायचे. शब्द दिला होता, आणि शिवाय त्यांच्याशी बोलायला मिळत होतं.

एकदा पुण्यात असाच कार्यक्रम होता. माहितीपट संपल्यावर लोक व्यासपीठाशी आले. एक वयस्कर बाई पुढं झाल्या, त्यांनी आक्कांचे दोन्ही हात आपल्या हातांत घेतले आणि डोळ्यांना लावले.

“या हातांनी काय केलंय हो,” त्या म्हणाल्या. “मी पण विणकाम करायची. मला कळतं.”

आक्कांचा हात त्यांच्या हातात थरथरायला लागला. बाईंना वाटलं आक्कांना भरून आलं. त्यांनाही भरून आलं. आक्कांनी हळूच हात सोडवून घेतले, नमस्कार केला आणि माझ्याकडं बघितलंच नाही.

परतीच्या एसटीत त्या खिडकीला डोकं टेकून बसल्या. कराडला गाडी थांबली तेव्हा मी भजी आणली. पुडा त्यांच्या मांडीवर ठेवला.

“त्या बाईनं चुकीचे हात धरले,” त्या म्हणाल्या.

“असू दे हो.”

“विणकाम करणारी बाई होती. तिला कळतं म्हणत होती.”

“आक्का, गार होतायत. खा आता.”

त्यांनी एक भजं उचललं आणि हातात धरून तशाच बसून राहिल्या. गाडी सुटली तरी त्यांनी ते खाल्लं नव्हतं.

त्यानंतर दिवाळीच्या सुमारास केतकी परत आली. या वेळी मोठा माहितीपट होता, बाहेरच्या देशांत दाखवणार होते. एका देवस्थानच्या पालखीचं छत आमच्याकडं दुरुस्तीला आलं होतं. आमच्याच सोप्यात चौकट मांडली, दिवे लागले. आक्का नेहमीसारख्या नटून बसल्या, तासभर बोलल्या. झकास बोलल्या. मग शार्दूल कॅमेरा खांद्यावर घेऊन खाली वाकला. मी सवयीनं पुढं सरकले.

“तू थांब,” आक्का म्हणाल्या. “आज हात माझे घ्या.”

मी त्यांच्याकडं बघितलं. “आक्का, कशाला उगाच.”

“गप बस तू.”

त्यांनी पदराखालून उजवा हात काढला आणि मखमलीवर ठेवला. किती दिवसांनी तो असा उजेडात बघत होते मी. बोटं अजून तशीच लांब होती. हात थरथरत होता आणि काकणं एकमेकांवर बारीक वाजत होती.

शार्दूल भिंगात डोळा घालून बसला होता. त्याला काही कळलं नाही.

“आजी, हात जरा स्थिर ठेवा,” तो म्हणाला. “चित्र हलतंय.”

“तेवढंच होत नाही, बाळा,” आक्का म्हणाल्या. “ते होत असतं तर तुझ्यापुढं बोलत कशाला बसले असते? सुई घेऊन बसले नसते?”

शार्दूलनं भिंगावरून डोळा काढला. केतकीच्या मात्र आधीच लक्षात आलं होतं. तिनं त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि चालू ठेव अशी खूण केली.

आक्कांनी हात मागं घेतला नाही.

“आजवर तुम्ही जे हात बघितले,” त्या भिंगाकडं बघून म्हणाल्या, “ते हिचे आहेत. हिचं नाव शालन. मी शिकवलं ते खरं, पण केलं हिनं. मला काम मिळायचं बंद होईल म्हणून मी बोलले नाही, आणि मी सांगितलं म्हणून ती बोलली नाही. आता मी बोलले.”

शार्दूलनं कॅमेरा माझ्याकडं वळवला. माझ्या तोंडाला पावडर नव्हती. घरातलंच लुगडं होतं, केसांना तेल होतं, आणि नाक गळत होतं.

“शालनताई, तुम्ही काहीतरी सांगा,” केतकी म्हणाली.

इतके दिवस शेजारी बसून मी आक्कांचं बोलणं ऐकत आले होते. त्यातलं एक वाक्य आठवेल तर शपथ.

“काय सांगू?” मी आक्कांना विचारलं.

“मला विचारू नकोस,” त्या म्हणाल्या. “तुझं तू सांग.”

मी पदरानं नाक पुसलं, पालखीच्या छतावर हात ठेवला आणि सुरुवात केली. माझ्या माहेरी कुणाला सुई धरता यायची नाही, असं काहीतरी म्हणाले असेन. दोन वाक्यं झाली नसतील तोवर आक्कांनी माझ्या गुडघ्याला ढोसलं.

“जरा मोठ्यानं,” त्या म्हणाल्या.